मांजराच्या आतड्याची भिंत जाड दिसते तेव्हा: कारणे आणि निदानाचा क्रम

आपण कळवलेली हकीकत थोडक्यात अशी आहे. बोका बारा वर्षांचा, देशी, नसबंदी झालेला. सहा महिन्यांपासून आठवड्यातून दोन-तीनदा उलटी. भूक शाबूत, किंबहुना पूर्वीपेक्षा थोडी जास्तच. वजन मात्र 4.6 किलोवरून 3.7 किलोवर उतरलेले. सोनोग्राफीच्या अहवालात जेजुनमची, म्हणजे लहान आतड्याच्या मधल्या भागाची भिंत 3.3 मिलिमीटर, स्नायूथर ठळक, थरांची रचना शाबूत आणि आतड्यालगतच्या लसीका ग्रंथी किंचित मोठ्या, अशी नोंद आहे. हा कर्करोग आहे का, आणि सुचवलेले स्टेरॉइड लगेच सुरू करावे का, असे आपले दोन प्रश्न आहेत.

दोन्हींची उत्तरे आधी देतो. या अहवालावरून कर्करोग आहे असे म्हणता येत नाही आणि नाही असेही म्हणता येत नाही. स्टेरॉइड मात्र आज सुरू करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. बोका खातो आहे, हिंडतो-फिरतो आहे, म्हणजे आपल्या हाताशी काही दिवसांचा अवधी आहे. आणि एकदा स्टेरॉइड सुरू झाले की त्यानंतर काढलेल्या आतड्याच्या तुकड्यातून खरे निदान हाती लागण्याची शक्यता कमी होते.

आता 3.3 या आकड्याकडे पाहू. निरोगी मांजरात ड्युओडेनम, म्हणजे लहान आतड्याचा सुरुवातीचा भाग, आणि जेजुनम यांची भिंत साधारणपणे 2 ते 2.5 मिलिमीटर भरते. बरेच तज्ज्ञ 2.8 मिलिमीटरच्या पुढे गेल्यावरच ती निश्चितपणे जाड समजतात. इलियम, म्हणजे लहान आतड्याचा शेवटचा भाग, मुळातच जरा जाड असतो आणि तेथे सुमारे 3.2 मिलिमीटरपर्यंतचे माप चालते. मोठ्या आतड्याची भिंत बहुधा 2 मिलिमीटरच्या आत असते. फरक इतका बारीक असल्यामुळे मोजणाऱ्याच्या हाताला फार महत्त्व येते. आतडे आकुंचन पावत असताना माप घेतले, तिरप्या छेदात घेतले किंवा कमी कंप्रतेचा, मोठ्या जनावरांसाठीचा प्रोब वापरला, तर निरोगी आतडेही जाड भरते. आडव्या छेदात निरोगी इलियम गाडीच्या चाकासारखा, आरे असलेला दिसतो आणि मांजरांची सवय नसलेल्याला तो गाठीसारखा भासतो; असे अहवाल माझ्याकडे अनेकदा आले आहेत. म्हणून आठ ते बारा तास उपाशी ठेवून, मांजरांची सोनोग्राफी नियमित करणाऱ्या व्यक्तीकडून आणि एकाहून अधिक ठिकाणी घेतलेले माप असेल तरच मी त्यावर विसंबतो. आपल्या अहवालात थरांचा आणि ग्रंथींचा स्वतंत्र उल्लेख आहे, त्यावरून तपासणी काळजीपूर्वक झालेली दिसते.

जाडीच्या आकड्यापेक्षा थरांची हकीकत अधिक बोलकी असते. आतड्याची भिंत आतून बाहेर श्लेष्मल थर, त्याखालचा अधःश्लेष्मल थर, स्नायूथर आणि सर्वांत बाहेरचे पातळ आवरण अशी रचलेली असते, आणि सोनोग्राफीत हे थर काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या रूपाने वेगवेगळे ओळखता येतात. निरोगी जेजुनममध्ये आतला श्लेष्मल थर सर्वांत जाड आणि स्नायूथर त्यामानाने अरुंद असतो. भिंत जाड झाली आहे असे वाचल्यावर मी तीन गोष्टी विचारतो: जाडी आतड्याच्या लांबच लांब भागावर पसरली आहे की एकाच ठिकाणी आहे, थर अजून वेगळे दिसतात की एकमेकांत मिसळून पुसले गेले आहेत, आणि थर शाबूत असतील तर नेमका कोणता थर वाढला आहे.

आपल्या बोक्यात जाडी पसरलेली आहे, थर शाबूत आहेत आणि स्नायूथर वाढला आहे. उतारवयाच्या मांजरात या चित्रामागे मुख्यतः दोन आजार असतात. पहिला म्हणजे आतड्याचा दीर्घकालीन दाह, ज्यात लिम्फोसाइट आणि प्लाझ्मा या रोगप्रतिकारक पेशी भिंतीत साठतात. दुसरा म्हणजे संथ गतीचा, लहान पेशींचा लिम्फोमा, म्हणजे लिम्फोसाइटांचा कर्करोग, जो बहुतेक वेळा टी-लिम्फोसाइटांपासून निर्माण होतो आणि जेजुनम व इलियम यांना प्राधान्याने ग्रासतो. अमेरिकेतील एका अभ्यासात, जो 2013 साली प्रसिद्ध झाला, उलट्या, जुलाब किंवा वजनघट असलेल्या आणि सोनोग्राफीत लहान आतडे जाड दिसलेल्या 100 मांजरांच्या आतड्याचे तुकडे तपासले गेले. त्यांपैकी 99 मांजरांत आजार सापडला. 49 मांजरांना दीर्घकालीन दाह होता आणि 46 मांजरांना लिम्फोमा. जाडी पाहून कर्करोग गृहीत धरणारा आणि हा साधा दाह आहे असे म्हणून धीर देणारा, दोघेही जवळजवळ निम्म्या वेळा चुकतील, असा या आकड्यांचा अर्थ होतो. याच अभ्यासाने आणखी एक गोष्ट ठळक केली: जिला घरोघरी केसांच्या गोळ्याची उलटी म्हणून सोडून दिले जाते, ती वारंवार होणारी उलटी बहुतेकदा आतड्याच्या आजाराची खूण असते.

स्नायूथराच्या वाढीने पारडे लिम्फोमाच्या बाजूला काहीसे झुकते, कारण ती टी-पेशींच्या लिम्फोमात साध्या दाहापेक्षा अधिक वेळा आढळते. मोठ्या झालेल्या ग्रंथी आणि वयही त्याच दिशेला बोट दाखवतात. तरीही यावर निर्णय टाकू नये, कारण इओसिनोफिल या पांढऱ्या रक्तपेशींच्या दाहात स्नायूथर असाच फुगतो, पुढे कोठे अर्धवट अडथळा असेल तर त्याच्या मागचा स्नायू जोर लावून लावून जाड होतो, आणि बाहेरून ठणठणीत असलेल्या काही म्हाताऱ्या मांजरांतही तो जाड सापडतो.

उरलेल्या कारणांपैकी आपल्या बोक्याला लागू न पडणारी बरीच आहेत, पण हे उत्तर वाचणाऱ्या इतरांच्या मांजरांसाठी ती सांगणे आवश्यक वाटते. जाडी एकाच ठिकाणी असेल, एका बाजूला जास्त असेल आणि थर पुसले गेले असतील, तर मोठ्या पेशींचा आक्रमक लिम्फोमा, अॅडेनोकार्सिनोमा (ग्रंथिपेशींचा कर्करोग) किंवा मास्ट पेशींची (एक प्रकारच्या रोगप्रतिकारक पेशींची) गाठ यांचा विचार आधी करावा लागतो. अॅडेनोकार्सिनोमा सियामी मांजरांत तुलनेने अधिक आढळतो आणि आतडे कड्यासारखे आवळून अडथळा निर्माण करतो. मात्र थर पुसलेली प्रत्येक गाठ कर्करोगाची नसते. जठराच्या तोंडाशी किंवा लहान आणि मोठ्या आतड्याच्या सांध्यावर इओसिनोफिल पेशी आणि घट्ट तंतुमय ऊती यांची कडक गाठ तयार होण्याचा एक आजार 2009 साली स्वतंत्रपणे वर्णिला गेला. दिसायला ती हुबेहूब कर्करोगासारखी असते, पण औषधांना बऱ्यापैकी दाद देते, आणि केवळ सोनोग्राफी पाहून अशा मांजराला कायमचे झोपवण्याचा सल्ला दिला गेला तर बरा होऊ शकणारा जीव जातो. दोन वर्षांच्या आतल्या, विशेषतः अनेक मांजरांच्या घरातून आलेल्या पिलात त्याच सांध्याजवळ जाडी आणि मोठ्या ग्रंथी दिसल्या तर कोरोनाविषाणूमुळे होणाऱ्या संसर्गजन्य पेरिटोनायटिसची, म्हणजे एफआयपीची, शंका घ्यावी. पूर्वी हा आजार जवळजवळ नेहमीच जीवघेणा ठरत असे, आता जीएस-441524 या विषाणूरोधक औषधामुळे बहुसंख्य मांजरे वाचतात, त्यामुळे हे निदान वेळेत होणे पूर्वीपेक्षा कितीतरी महत्त्वाचे झाले आहे.

आणि दोरा. शिवणकामाचा धागा, सुईसह दोरा, संक्रांतीच्या दिवसांत गच्चीवर पडलेला मांजा, सणाच्या फुलपुड्यांचा दोरा, यांपैकी काहीही मांजर गिळू शकते. दोऱ्याचे एक टोक जिभेखाली अडकते, दुसरे आतड्यात उतरते आणि आतडे नाडीवर चुणलेल्या परकरासारखे गोळा होते. सोनोग्राफीत ते जाड आणि दुमडलेले दिसते. अचानक उलट्या सुरू झालेल्या तरुण मांजराची जीभ उचलून पाहिल्याशिवाय तपासणी पूर्ण झाली असे मी मानत नाही. असा दोरा दिसला तर तो ओढू नये. ताणलेल्या दोऱ्याने आतडे कापले जाते.

आता आपल्या बोक्याकडे परत येऊ. आतड्याच्या तुकड्याचा विचार करण्याआधी काही तपासण्या पूर्ण व्हायला हव्यात, कारण भूक वाढलेली आणि वजन उतरत असलेले बारा वर्षांचे मांजर म्हटले की थायरॉइड ग्रंथीचा अतिरेकी स्राव हे कारण आतड्याइतकेच संभाव्य असते. त्यासाठी रक्तातील टी-4 हे थायरॉइड संप्रेरक तपासावे. त्याच नमुन्यातून संपूर्ण रक्तगणना, मूत्रपिंड आणि यकृताची तपासणी, अल्ब्युमिन हे प्रथिन आणि साखर यांची मोजमापे व्हावीत, लघवी तपासावी, ल्युकेमिया आणि एफआयव्ही (प्रतिकारशक्ती कमी करणारा) या विषाणूंची चाचणी करावी, आणि ताज्या विष्ठेत जंत व जिआर्डिया (सूक्ष्म परजीवी) आहेत का ते पाहावे. स्वादुपिंडाचा दाह स्वतंत्रपणे तपासावा, कारण मांजरात पित्तनलिका आणि स्वादुपिंडाची नलिका ड्युओडेनममध्ये एकत्र उघडतात आणि आतडे, यकृत व स्वादुपिंड या तिन्हींना एकाच वेळी दाह झालेला पुष्कळदा आढळतो.

बी-12 जीवनसत्त्वाबद्दल थोडे विस्ताराने लिहितो, कारण ते सर्वांत स्वस्त आणि सर्वांत दुर्लक्षित आहे. बी-12 शोषले जाण्यासाठी लागणारे विशिष्ट प्रथिन माणसात जठरातून स्रवते, मांजरात ते फक्त स्वादुपिंडातून येते, आणि प्रत्यक्ष शोषण इलियममध्ये होते. साहजिकच इलियम किंवा स्वादुपिंड बिघडले की मांजराचा बी-12चा साठा झपाट्याने आटतो. हा साठा भरून काढला नाही तर बाकीचे उपचार योग्य असूनही मांजर सुधारत नाही, आणि त्याचा दोष नाहक निदानाला दिला जातो. रक्तातील पातळी मोजणे उत्तम. पण मोजण्याची सोय नसेल, तर आपल्या डॉक्टरांनी आठवड्यातून एकदा 250 मायक्रोग्रॅमचे इंजेक्शन सहा आठवडे द्यायला हरकत नाही, कारण जास्तीचे बी-12 लघवीवाटे निघून जाते. पातळी कमी आल्याने आजार आतड्याच्या शेवटच्या भागापर्यंत पोहोचला आहे एवढे कळते. दाह आणि लिम्फोमा यांतला फरक त्यावरूनही ठरत नाही.

त्यानंतर आहाराची चाचणी. न्यूझीलंडमध्ये 2001 साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात पोटाच्या जुनाट तक्रारी असलेल्या 55 मांजरांपैकी 16 मांजरांना अन्नातील घटक मानवत नसल्याचे सिद्ध झाले, आणि अन्न बदलल्यावर त्यांची लक्षणे थोड्याच दिवसांत ओसरली. म्हणून जुनाट उलटीच्या प्रत्येक स्थिर मांजरात दोन ते तीन आठवडे ही चाचणी करावी. त्यासाठी विघटित प्रथिनांचा खास आहार, किंवा मांजराने आजवर न चाखलेले एकच मांस वापरतात. आपल्याकडची मांजरे कोंबडी, बोंबील, बांगडा यांवरच वाढलेली असल्यामुळे हे पदार्थ चाचणीसाठी निरुपयोगी ठरतात. बदक किंवा ससा मिळवणे सोपे नाही, त्यामुळे मी बहुतेक वेळा तयार विघटित आहारच सुचवतो. चाचणी फसते ती बहुधा घरातल्या आणि शेजारच्या मायेमुळे. आजी दुधाची वाटी ठेवते, शेजारच्या काकू कोळंबी सोलताना डोकी टाकतात, लहान मूल बिस्कीट भरवते, आणि तिसऱ्या आठवड्यात आहाराचा उपयोग झाला नाही असे आपण लिहून मोकळे होतो. ते तीन आठवडे बोक्याला घरातच ठेवावे आणि ज्यांच्याकडे तो जातो त्या सर्वांना आधी सांगावे. आपल्या बोक्याने वजनाचा जवळजवळ पाचवा हिस्सा गमावला आहे, साठ किलोच्या माणसाने बारा किलो गमावण्याइतका, म्हणून त्याच्या बाबतीत मी दोन आठवड्यांहून अधिक थांबणार नाही आणि वजन आणखी उतरले तर तेवढेही नाही.

आहाराने फरक पडला नाही तर तुकडा तपासणे, म्हणजे बायोप्सी, हाच मार्ग उरतो. सुईने ग्रंथीतून पेशी काढण्याची सोपी पद्धत मोठ्या पेशींचा लिम्फोमा किंवा मास्ट पेशींची गाठ ओळखायला चांगली असते, पण लहान पेशींच्या लिम्फोमातील पेशी साध्या लिम्फोसाइटांसारख्याच दिसत असल्यामुळे आपल्या प्रश्नाचे उत्तर तिच्यातून मिळणार नाही. एंडोस्कोपीत, म्हणजे दुर्बिणीच्या तपासणीत, पोट उघडावे लागत नाही आणि मांजर त्याच दिवशी घरी जाते, मात्र तुकडे फक्त वरच्या थरातून येतात आणि दुर्बीण जेजुनमच्या बऱ्याच भागापर्यंत पोहोचत नाही. एंडोस्कोपी करायची तर वरून ड्युओडेनम आणि खालून मोठ्या आतड्याच्या वाटेने इलियम, असे दोन्हीकडून भरपूर तुकडे घ्यावेत, असा आग्रह धरावा. शस्त्रक्रियेत भिंतीचे सर्व थर मिळतात, शिवाय जेजुनम, इलियम, लसीका ग्रंथी, यकृत आणि स्वादुपिंड यांचे नमुने एकाच वेळी घेता येतात. आपल्या बोक्यात आजाराचा जोर जेजुनम आणि स्नायूथरावर दिसतो आणि ग्रंथीही वाढल्या आहेत, म्हणून रक्तातील अल्ब्युमिन चांगले असेल तर मी शस्त्रक्रियेच्या बाजूने झुकेन. अल्ब्युमिन फार कमी असेल तर टाके जुळून येण्याची खात्री कमी होते आणि एंडोस्कोपी अधिक सुरक्षित ठरते. भूल देण्यापूर्वी रक्तदाब आणि हृदयाची तपासणी करून घ्यावी. वयामुळे भूल सोसणार नाही ही भीती मी रोज ऐकतो. नीट तपासलेले आणि सलाइन देऊन स्थिर केलेले बारा वर्षांचे मांजर बहुतेक वेळा भूल व्यवस्थित सोसते.

तुकडा पाठवताना मांजराचे वय, लक्षणे, सोनोग्राफीची मापे आणि आधी दिलेली औषधे यांची चिठ्ठी सोबत जायलाच हवी. तुकडा पाहूनही कधी कधी विकृतिशास्त्रज्ञ ठाम उत्तर देऊ शकत नाहीत, कारण दीर्घकालीन दाह आणि संथ लिम्फोमा हे एकाच रस्त्यावरचे दोन टप्पे असावेत अशी शंका घ्यायला जागा आहे आणि मधल्या टप्प्यावरची मांजरे दोन्हींसारखी दिसतात. अशा वेळी पेशींवरील खुणा दाखवणारी विशेष रंगप्रक्रिया आणि त्या पेशी एकाच मूळ पेशीची संतती आहेत का हे तपासणारी जनुकीय चाचणी उपयोगी पडते. जनुकीय चाचणीचा निकाल मात्र एकट्याने वाचू नये. निरोगी मांजरांतही ती कधी कधी होकारार्थी येते. या विषयातील आंतरराष्ट्रीय तज्ज्ञांचे एकमताचे निवेदन 2023 साली प्रसिद्ध झाले, आणि कोणतीही एकच चाचणी या दोन आजारांना खात्रीने वेगळे करत नाही, लक्षणे, प्रतिमा, ऊती आणि जनुकीय निकाल एकत्र ठेवूनच निदान करावे, अशीच त्याची दिशा आहे.

स्टेरॉइडबद्दलचा माझा आग्रह अनुभवातून आला आहे. व्यवसायाच्या सुरुवातीच्या वर्षांत अशाच एका मांजरीला मी दाह समजून प्रेडनिसोलोन हे स्टेरॉइड सुरू केले. ती तीन महिने सुंदर सुधारली, मग पुन्हा ढासळली, आणि तेव्हा काढलेल्या तुकड्यांतून काहीच निश्चित कळेना, कारण औषधाने पेशी अर्ध्यामुर्ध्या विरल्या होत्या. संथ लिम्फोमादेखील स्टेरॉइडने काही काळ सुधारतो. म्हणून औषधाने बरे वाटले यावरून दाह होता असे सिद्ध होत नाही. शिवाय मांजरात दडलेला मधुमेह आणि हृदयरोग स्टेरॉइडमुळे उघडे पडू शकतात, हेही लक्षात ठेवावे. तरीही काही घरांना बायोप्सीचा खर्च झेपत नाही किंवा मांजराची प्रकृतीच ती सोसण्यासारखी नसते. अशा वेळी निदान अपुरे आहे हे कागदावर स्पष्ट लिहून, आहार आणि बी-12 यांच्या जोडीने स्टेरॉइड देणे हा प्रामाणिक मार्ग आहे, आणि तो निवडणाऱ्या पालकांनी अपराधी वाटून घेऊ नये. अडचण होते ती कारण न सांगता स्टेरॉइड घाईने सुरू करण्यामुळे.

निदान लिम्फोमाचे आले तर ते ऐकून खचू नये. लहान पेशींच्या संथ लिम्फोमात तोंडावाटे प्रेडनिसोलोन आणि क्लोरॅम्ब्युसिल हे कर्करोगविरोधी औषध देतात, बहुतेक मांजरे घरीच राहून खातात-पितात-खेळतात, आणि दोन वर्षे किंवा त्याहून अधिक काळ चांगले जगलेली मांजरे नेहमीच्या पाहण्यातली आहेत. क्लोरॅम्ब्युसिलची गोळी मोडू नये, हातमोजे घालून हाताळावी आणि ठरलेल्या वेळी रक्तगणना करावी. मोठ्या पेशींच्या लिम्फोमाचे भवितव्य मात्र बरेच वाईट असते आणि तेथे काळ महिन्यांत मोजावा लागतो. आपल्या अहवालातील शाबूत थर पाहता ती शक्यता मला कमी वाटते.

दरम्यान बोक्याने एक दिवस पूर्ण खाणे सोडले, दिवसातून अनेकदा उलटी होऊ लागली, विष्ठा काळी डांबरासारखी झाली, डोळ्यांचा पांढरा भाग किंवा हिरड्या पिवळ्या दिसल्या, किंवा पोट फुगून दुखू लागले, तर आहारचाचणीचे दिवस न मोजता त्याच दिवशी दवाखान्यात न्यावे. उपाशी मांजराच्या यकृतात चरबी साठायला फार दिवस लागत नाहीत.

उपचार सुरू झाल्यावर दर महिन्याला सोनोग्राफी करून 3.3चे 2.5 झाले का हे पाहण्याची गरज नाही; पूर्ण सुधारलेल्या मांजरांतही भिंत कित्येक महिने जाडच राहते. लहान बाळांसाठी मिळणारा वजनकाटा घरी आणून, आठवड्यातून एकदा, ठरावीक दिवशी, सकाळच्या खाण्याआधी बोक्याला त्यावर ठेवावे आणि आकडा तारखेसह वहीत लिहावा. उलट्यांची नोंदही त्याच पानावर ठेवावी, आणि पुढच्या भेटीला येताना ती वही सोबत आणावी.